राऊतसाहेबांचा घरचा बॉयलर

आमच्या सूनबाईंनी परवा मोबाइल माझ्या नाकासमोर धरला. घरात कॉफीचं मशीन घ्यायचं चाललंय. माणसं तीन, त्यातली मी पक्की चहावाली, आणि मशीन असं की त्यात म्हणे दोन बॉयलर. "आई, तुम्ही परचेसमध्ये होतात ना? बघा ना, हे डबल बॉयलर घ्यावं की साधं?" मी चष्मा लावला, चित्र बघितलं आणि खालचं काही न वाचता म्हणाले, "आधी पाणी कुठलं वापरणार ते ठरव. बॉयलर आगीने मरत नाही, पाण्याने मरतो."

सूनबाई बघतच राहिली. वाक्य माझं नव्हतंच मुळी, राऊतसाहेबांचं होतं. साहेब आता नाहीत. पण त्या दिवशी ते जे डोक्यात येऊन बसले ते काही केल्या उठेनात. जिवंतपणीही असेच होते. खुर्चीत बसले की काम झाल्याशिवाय उठायचे नाहीत.

दामोदर राऊत म्हणजे आमच्या कंपनीच्या बॉयलर हाऊसचे इनचार्ज. तारापूर एमआयडीसीतली रंगाची रसायनं बनवणारी कंपनी. सगळा प्लांट वाफेवर चालायचा. वाफ बंद झाली की आतला माल जागच्या जागी नासायचा. मी परचेसला. त्यांना लागेल ते मी मागवायचं आणि मी मागवलेलं त्यांनी परत पाठवायचं, असं आमचं पुष्कळ वर्षांचं नातं. उंच, हाडकुळा माणूस, खिशाला कायम दोन पेनं. एक चालू आणि एक स्टँडबाय. बॉयलरच्या घरघराटात उमेदीची वर्षं गेल्यामुळे कान अर्धे गेलेले, त्यामुळे बोलणं सगळं गावाला ऐकू जाईल असं, आणि फोन नेहमी स्पीकरवर. त्यांच्या घरातली भांडणंसुद्धा आम्हाला कॅन्टीनमध्ये ऐकू यायची.

एकदा मी जरा स्वस्तातली गॅस्केटं घेतली. साहेब एक गॅस्केट घेऊन आले आणि माझ्या उघड्या डब्याशेजारी ठेवलं. "बाई, हे घरच्या कुकरला लावा," म्हणाले, आणि मग थोडा विचार करून, "कुकरला पण नको. घरात माणसं हायत." मला असा राग आला म्हणता! आठवडाभर बोलले नाही. पण गॅस्केटं बदलून घेतली, हेही खरं.

खोटं त्यांना खपायचं नाही. बॉयलरचं रीडिंग दर तासाला लिहायचं, आणि काही ऑपरेटर काय करायचे, तर चहा पिता पिता पुढच्या चार तासांचे आकडे आधीच भरून ठेवायचे. साहेबांनी अशा एकाला दिवसभर गेजसमोर उभा केला होता. एका ऑडिटच्या आधी खुद्द मॅनेजरने त्यांना एक आकडा जरा 'नीट' करायला सांगितला. साहेबांनी खिशातलं पेन काढून मॅनेजरपुढे ठेवलं. "तुमी लिवा, आणि खाली सही पण तुमचीच करा." आकडा होता तसाच राहिला. साहेबांचं त्या वर्षीचं प्रमोशनही होतं तिथेच राहिलं.

आणि दसरा! दसऱ्याला बॉयलरची पूजा असायची. आमच्याकडे बॉयलर दोन. एक चालू, दुसरा स्टँडबाय, म्हणजे पहिला अडला की लगेच पेटवायला तयार ठेवलेला. मोठे साहेब नवीन कपडे घालून यायचे आणि सरळ चालत्या बॉयलरकडे हार घेऊन निघायचे. राऊतसाहेब त्यांना हाताला धरून थंड पडलेल्या बॉयलरपुढे न्यायचे. पहिला हार त्याला. कोणी नव्याने विचारलं की म्हणायचे, "चालत्याला सगळेच नमस्कार करतात. ह्याच्याकडे वर्षभर कोण बघत नाय." आम्ही हसायचो. पण स्टँडबायशिवाय कुठलीही गोष्ट चालवायची नाही हा त्यांचा धर्मच होता. घरी पाण्याचे पंप दोन, स्कूटरच्या किल्ल्या तीन, आणि लग्नाला निघाले की अहेराचं पाकीट एक जास्तीचं.

रिटायर झाल्यावर बोईसरचा फ्लॅट भाड्याने देऊन ते एडवणला, आपल्या मूळ गावी गेले. वाडीत केळी, नारळ, थोड्या पानवेली. मी पालघरला. अधूनमधून फोन यायचा, तो मी कानापासून हातभर लांब धरून ऐकायची. असेच एक दिवस सकाळी दारात उभे. हातात वेलची केळ्यांचा घड.

"बाई, एक बॉयलर घ्यायचाय."

मला वाटलं, म्हातारपणी कुठे कन्सल्टंट म्हणून लागले की काय. कुठल्या कंपनीसाठी, असं विचारलं.

"घरी," ते म्हणाले. आणि खिशातून मोबाइल काढून मला चित्र दाखवलं. चकचकीत स्टीलचं कॉफीचं मशीन, दोन बॉयलरवालं.

जन्मभर गवती चहा स्टीलच्या पेल्यातून फुर्र करून पिणारा हा माणूस! कॉफी कशाला, विचारलं तर म्हणे, प्यायची म्हणतो. हल्ली सगळेच पितात. ताकाला जाऊन भांडं लपवायचं म्हणजे काय ते त्या दिवशी मी प्रत्यक्ष पाहिलं. कारण मला सगळं ठाऊक होतं. त्यांची बायको, शालूवहिनी, माझ्याकडे मन मोकळं करायच्या.

त्यांना एकच मुलगी, मनाली. मनू. हुशार पोर. केमिकल इंजिनियरिंगला घातली होती आणि साहेब तिचं नाव आमच्या प्लांटच्या बोर्डावर आतापासूनच वाचत होते. ती तिसऱ्या वर्षाला सगळं सोडून कर्नाटकात कॉफीच्या मळ्यांकडे निघून गेली, कॉफी भाजायचं काम शिकायला. जाताना बोईसरच्या दारात साहेब तिला म्हणाले होते, "डिग्री घेऊन ये. नाय तर येऊ नको." ती आली नाही. पोरगी बापाच्याच वळणाची. वर्षं गेली. तिने तिथे स्वतःचं भट्टीघर काढलं, चार बायका कामाला ठेवल्या. वहिनी वर्षातून एकदा जाऊन यायच्या आणि येताना कॉफीची पाकिटं आणायच्या. ती कपाटात तशीच, न फोडता. बापलेकीत शब्द नाही. आणि आता येत्या उन्हाळ्यात साहेबांच्या पुतण्याचं एडवणलाच लग्न होतं. मनू येणार होती, पण आईला तिने स्पष्ट सांगितलं होतं की काकाकडे उतरेन आणि अक्षता पडल्या की निघेन. दोन्ही घरांच्या मधे एक केळीची बाग. पण ती बाग ओलांडून पोरगी घरी येते की नाही, यावरच त्या माणसाचा सगळा जीव टांगलेला होता. तोंडाने बोलला असता तर शपथ!

मी काही उघडं पाडलं नाही. म्हटलं, नियम म्हणजे नियम, तीन कोटेशनं लागतील. साहेबांचा चेहरा खुलला. आम्ही दोघं माझ्या डायनिंग टेबलावर पूर्वीसारखे बसलो. एक बॉयलरवालं मशीन, त्यात आधी कॉफी काढायची आणि मग दुधासाठी वाफ हवी तर ते आणखी तापेपर्यंत थांबायचं. दुसरं मधलं, त्यात वाफेच्या बॉयलरच्या पोटातून कॉफीच्या पाण्याची नळी नेलेली. साहेब म्हणाले, "ही पळवाट हाय." आणि तिसरं दोन बॉयलरवालं. ते बघूनच ते आले होते. मी म्हटलं, अहो, दोन माणसांच्या घरात हे कशाला? तर म्हणाले, "दोन हायत म्हणूनच." मला तेव्हा त्याचा अर्थ नीटसा कळला नव्हता.

मशीन डोळ्यांनी बघितल्याशिवाय ऑर्डर द्यायची नाही, हा आमचा जुना रिवाज. माझ्या मुलाच्या गाडीतून आम्ही मुंबईच्या शोरूमला गेलो. तिथला काळा एप्रन घातलेला विक्रेता साहेबांना सुगंध सांगत होता, फुलांचा, चॉकलेटचा. साहेब मशीनच्या खाली डोकं घालून सेफ्टी व्हॉल्व्ह शोधत होते. मग सरळ झाले, चष्मा पुसला आणि एकदम कामाचा प्रश्न विचारला. या दोन्हींतला स्टँडबाय कुठचा?

विक्रेत्याला काही कळेना. तो बिचारा हिंदीत सांगू लागला की सर, दोन्ही एकदमच चालू असतात, एक कॉफीचा, एक वाफेचा. साहेबांचा चेहरा पडला. कोणी त्यांना खोटं रीडिंग दाखवावं तसा. मग एक बंद पडला तर? विक्रेता म्हणाला, सर्व्हिस सेंटरला फोन करायचा. साहेबांनी पिशवी उचलली. "चला, बाई."

विरार फाटा आला तेव्हा बोलले, तेही समोरच्या काचेकडे बघून. ज्याला स्टँडबाय नाही असलं काही मी घरात आणणार नाय. आयुष्यभर केलं नाय, आता काय करणार. जाऊ दे ते मशीन, जाऊ दे कॉफी.

आता माझाही पारा चढला. तीन कोटेशनं, तुलनेचा तक्ता, माझ्या मुलाची अख्खी सुट्टी, सगळं पाण्यात. आणि ज्याच्यासाठी हा खटाटोप ते पुन्हा कपाटात, त्या पाकिटांसारखं. मी मागे वळले आणि बोलायला नको होतं ते बोलून गेले.

"मुलगी एकच आहे ना तुम्हाला? मग तिचा स्टँडबाय कुठे ठेवलाय?"

माझा मुलगा गाडी चालवता चालवता माझ्याकडे डोळे वटारून बघत होता. मलाच मेलं कानकोंडं झालं. मनोर फाट्याच्या अलीकडे चहाला थांबलो तर साहेब उतरले, एका टेबलाशी बसले आणि मोबाइल समोर ठेवून नंबर लावू लागले. त्यांच्या फोनमध्ये तो नंबर साठवलेला नव्हता. बोटाने एकेक आकडा दाबत होते. पाठ होता.

स्पीकर चालू. शेजारून ट्रक जातायत. पलीकडे कोणीतरी फोन उचलला, आणि साहेब प्लांटच्या फोनवर बोलायचे तसे ओरडले, "मी दामोदर राऊत बोलतोय."

मी चहाच्या पेल्यात बघत बसले. उठून जावं तरी पंचाईत, बसावं तरी पंचाईत.

"एक टेक्निकल विचारायचं हाय," साहेब म्हणाले. "दोन बॉयलरवालं कॉफी मशीन. दोन्ही एकदम चालू ठेवतात. स्टँडबाय का नाय ठेवत?"

मग एका बाईचा आवाज आला, जरा बसलेला, पण एकदम कामाचा. ती सांगू लागली. कॉफीला पाणी उकळतं चालत नाही, करपते. त्याच्या थोडं खाली धरावं लागतं. दुधाला मात्र चांगली कडक वाफ लागते. एकाच बॉयलरने दोन्ही करायचं तर एकाला दुसऱ्यासाठी थांबावं लागतं. म्हणून दोन. दोघांचं तापमान वेगळं, प्रेशर वेगळं, दोघं आपापल्या जागी बरोबर. साहेब मधेच पाण्याचा हार्डनेस विचारत होते, ड्रेन कुठे काढायचा विचारत होते, आणि ती सगळ्याची नीट उत्तरं देत होती. बघता बघता दोघांचे आवाज एका पट्टीत आले. शेवटी साहेब पुन्हा मूळ मुद्द्यावर.

"ते सगळं कळलं. पण बंद पडलं तर?"

"बंद पडलं तर मला फोन करायचा, पप्पा."

साहेब फोनकडे बघत राहिले. मग "बरं" म्हणाले आणि फोन ठेवून दिला, अच्छा नाही, काही नाही. चहा पार गार झाला होता. तो त्यांनी एका दमात संपवला आणि मला म्हणाले, "बाई, ऑर्डर काढा." मला रडू फुटलं ते मी ट्रकच्या धुळीवर ढकललं.

मशीन आलं. किंमत त्यांनी वहिनींना सांगितली नव्हती, मीही सांगितली नाही. त्यानंतर एडवणला जे झालं ते बघण्यासारखं होतं. मशीनसाठी विजेची वेगळी लाइन, चिकूच्या झाडाखाली खड्डा खणून, मीठकोळसा घालून वेगळी अर्थिंग. एडवणच्या विहिरीचं पाणी मचूळ, आत क्षार साचवणारं, ते तर मशीनला विष. फिल्टरचं पाणी एकदम निर्मळ, त्यालाही चव नाही. मग दोन्ही कुठल्या प्रमाणात मिसळायचं याचे प्रयोग. स्वयंपाकघरात बाटल्यांची रांग, प्रत्येकीवर चिठ्ठी. वहिनी म्हणायच्या, "माझ्या वरणाला कधी येवढं पाणी मोजलं नाय ह्यांनी." कॉफी मात्र सुरुवातीला अशी व्हायची की कारल्याचा रस बरा. मी गेले की मला प्यावी लागायची. एकदा मी विचारलं, साखर आहे का? तर त्यांनी असं बघितलं की मी पुन्हा कधी विचारलं नाही.

लग्नाचा दिवस आला. मलाही आमंत्रण होतं. अक्षता पडल्या, जेवणं झाली. मनू मांडवात भेटली, वाकून नमस्कार केला. उंच, हाडकुळी, बापाचंच नाक. साहेब मांडवात कुठेच नव्हते. मी म्हटलं, पोरी, ते घरी असतील. काकाच्या अंगणात तिची बॅग भरून ठेवलेली होती. ती थोडा वेळ बॅगेपाशी उभी राहिली, मग बॅग तिथेच सोडून केळीच्या बागेतून चालत निघाली. मी आणि शालूवहिनी मागून. वहिनींनी माझा हात इतका घट्ट धरला होता की बांगड्या रुतल्या.

आमच्या कंपनीत वर्षातून एकदा सरकारी इन्स्पेक्टर बॉयलर तपासायला यायचे. त्या दिवशी साहेब धुतलेला शर्ट घालून, हात मागे बांधून, भिंतीला टेकून उभे राहायचे. मधे बोलायचे नाहीत, काही सुचवायचे नाहीत. माल जसा आहे तसा समोर. आम्ही स्वयंपाकघरात शिरलो तर साहेब अगदी तसेच उभे. धुतलेला शर्ट, हात मागे. मशीन तापवून तयार.

मनूने त्यांच्याकडे पाहिलं नाही. मशीनकडे गेली. वाफेची नळी थोडी सोडून बघितली. दोन्ही काटे वाचले. मागे हात घालून वायर बघितली, अर्थिंगची तार खिडकीतून कुठे जाते ते वाकून बघितलं. मग एका पेल्यात नुसतं गरम पाणी काढलं आणि ते घोट घोट प्यायली, जणू कॉफीच आहे.

"पाणी छान जमलंय," ती म्हणाली.

साहेबांचे मागे बांधलेले हात सुटले. त्यांनी कपाट उघडलं आणि आतली सगळी पाकिटं, इतक्या वर्षांची, ओट्यावर मांडली. सगळ्यात जुनी आधी. मनू ती बघून हसायला लागली, मग हसता हसता रडायला लागली. म्हणाली, पप्पा, ही सगळी शिळी झाली, यातलं एकही चालणार नाही. साहेब म्हणाले, "तुजं तू ठरव. मना काय कळतं त्यातलं." घरची बोली त्यांच्या तोंडी इतकी मऊ झालेली मी तेव्हा पहिल्यांदा ऐकली. तिची बॅग संध्याकाळी काकाच्या अंगणातून इकडे आली. माफी वगैरे कोणी कोणाची मागितली नाही. मी तिथेच होते, मला माहीत आहे.

ती दोन दिवस राहून गेली आणि मग कामात गुंतली. धंदा तिचा एकटीचा, सुगीचे दिवस. मीही घरच्या व्यापात. थंडीत एकदा सकाळी वहिनींना भेटायला एडवणला गेले, ती साहेबांची माझी शेवटची भेट. पुढच्या पावसाळ्यात ते झोपेतच गेले.

वहिनी देवळात गेल्या होत्या. साहेब स्वयंपाकघरात. मला बघून खूश झाले, बसा म्हणाले आणि सुंदर कॉफी करून दिली. मी म्हणते म्हणजे बघा, सुंदर. वर दुधाचा फेस असा की मिशी यावी. मशीन आरशासारखं लखलखत होतं, दोन्ही काटे आपापल्या जागी. मी म्हटलं, वा साहेब, कधी कुरकुर नाही ना? "कशाला करील?" ते म्हणाले. "पाणी धरलंय ना बरोबर."

मग त्यांनी घड्याळाकडे बघितलं. उठले, मशीनच्या मागे हात घातला आणि वाफेच्या बॉयलरचं बटण टक्कन बंद केलं. माझ्याकडे बघून ओठावर बोट ठेवलं. मोबाइल टेबलावर ठेवून एकेक आकडा दाबायला लागले.

"मनू, पप्पा बोलतोय. अगं, ह्या वाफेच्या बॉयलरचा काटा वर येत नाय."

मी कॉफीचा कप तसाच हातात धरून बसले. खोटा आकडा लिहायचा नाही म्हणून प्रमोशन सोडणारा माणूस, गेज समोर धरून बेधडक खोटं बोलत होता.

"गेल्या रविवारीसुद्धा हेच झालं होतं ना पप्पा?" पलीकडून आवाज आला. मला वाटलं, त्या आवाजात हसू आहे.

"व्हय. हल्ली सारखंच व्हतं."

"मागचं बटण चालू आहे ना?"

साहेबांनी मशीनच्या मागे नजर टाकली. "हाय. चालू हाय."

"बरं. मग एकेक करून बघू या. तुम्हाला घाई नाही ना?"

"नाय गं," साहेब म्हणाले, "घाई कसली," आणि खुर्ची ओढून फोनजवळ बसले.